शिवाजी पार्क ते आगाखान पॅलेस : मार्गदर्शकासह एका दिवसाची पुणे सहल

फेब्रुवारीच्या पहिल्या रविवारी मी आणि माझी मावशी दादरच्या एका सहल कंपनीबरोबर एका दिवसात पुण्याला जाऊन आलो. आगाखान पॅलेस, एम्प्रेस गार्डन आणि शनिवारवाडा अशी तीन ठिकाणे कार्यक्रमपत्रिकेत होती. माणशी २,२०० रुपये आकारले गेले आणि त्यात वातानुकूलित बस, सकाळचा नाश्ता, दुपारचे जेवण, संध्याकाळचा चहा, तिन्ही ठिकाणची प्रवेशशुल्के आणि दिवसभर सोबत राहणारा जाणकार मार्गदर्शक एवढ्या गोष्टी धरलेल्या होत्या. मावशी अठ्ठ्याहत्तर वर्षांची आहे, तिचे गुडघे दुखतात, आणि रेल्वेचे जिने चढून, पुण्यात रिक्षा शोधत तिला हिंडवणे मला एकटीला जमले नसते, म्हणून मी हा मार्ग निवडला. या सहलीतले जे चांगले होते ते फारच चांगले होते आणि जे वाईट होते ते सहज टाळता येण्यासारखे होते. म्हणूनच हे जरा सविस्तर लिहीत आहे.

नोंदणी फोनवरून झाली, पैसे भरल्याची पावती लगेच मोबाइलवर आली आणि आदल्या रात्री बसचा क्रमांक व चालकाचा फोनही कळवण्यात आला. बस स्वच्छ होती. पुढची दोन आसने मावशीसाठी ठेवा, अशी विनंती मी केली होती आणि ती पाळली गेली. सकाळी पावणेसहाला शिवाजी पार्कजवळ जमायचे होते. सव्वीस जणांपैकी चोवीस जण वेळेवर आले आणि उरलेल्या दोघांसाठी बस दहाच मिनिटे थांबली, हेही मला योग्य वाटले.

खरी सहल सुरू झाली ती बस सुटण्याआधी. आमचे मार्गदर्शक पन्नाशीचे, मृदू आवाजाचे गृहस्थ होते. त्यांनी सगळ्यांना बसमध्ये बसू न देता आधी मैदानाच्या कट्ट्यापाशी उभे केले. अजून पुरते उजाडले नव्हते, फेरी मारणारी मंडळी आमच्या बाजूने जात होती, आणि ते सांगू लागले की आज आपण ज्या वाड्यात जाणार आहोत त्याची गोष्ट या मैदानापासून सुरू होते. ८ ऑगस्ट १९४२ रोजी गोवालिया टँक मैदानावर 'छोडो भारत'चा ठराव झाला आणि ९ तारखेला पहाटेच मलबार हिलवरच्या बिर्ला हाउसमधून गांधीजींना अटक झाली. त्या संध्याकाळी शिवाजी पार्कवर त्यांची सभा ठरलेली होती. ती सभा आता मी घेईन, असे कस्तुरबांनी सांगितले, आणि त्या निघणार तोच त्यांनाही अटक झाली. डॉ. सुशीला नय्यर त्यांच्यासोबत होत्या. दोघींना आधी आर्थर रोडच्या तुरुंगात नेले आणि मग पुण्याला आगाखान पॅलेसमध्ये. मार्गदर्शक एवढेच म्हणाले, "बांना या मैदानावर यायचं होतं. त्या इथे पोचल्याच नाहीत. आपण त्या जिथे पोचल्या तिथे निघालो आहोत." आणि त्यांनी सगळ्यांना बसमध्ये चढायला सांगितले.

मी जन्मापासून दादरला राहते. या कट्ट्यावर बसून शाळेचा अभ्यास केला आहे, भेळ खाल्ली आहे, मुलाला सायकल शिकवली आहे, पण ही हकीकत मला ठाऊक नव्हती. पुस्तकात ती कुठे तरी वाचली असेलही, परंतु त्या जागेवर उभे राहून, पहाटेच्या गारव्यात, कुणी तरी ती शांतपणे सांगितल्यावर ती जशी मनात उतरली तशी आधी कधी उतरली नव्हती. मार्गदर्शकासह सहल करण्याचे पैसे कशासाठी द्यायचे, याचे उत्तर मला पहिल्या पंधरा मिनिटांतच मिळाले.

वाशी, पनवेल आणि द्रुतगती मार्ग हा प्रवास नेहमीसारखाच झाला. नाश्त्याला खालापूरच्या पुढे थांबलो. कांदेपोहे गरम होते, चहा फार गोड होता. तिथल्या स्वच्छतागृहाला रविवारची रांग असते, तेव्हा ज्येष्ठांनी आधी तिकडे जावे आणि मग खायला बसावे. बसमध्ये ध्वनिक्षेपक होता, पण मार्गदर्शकांनी घाटात तो वापरला नाही आणि लोकांना झोपू दिले. मला ते आवडले. त्यांनी तो पुन्हा हातात घेतला तो थेट चिंचवड आल्यावर. गांधीजींना मुंबईहून खास गाडीने आणले, पण पुणे स्टेशनवर उतरवले तर गर्दी होईल म्हणून गाडी चिंचवडला थांबवली आणि तिथून मोटारीने आगाखान पॅलेसला नेले, हे त्यांनी सांगितले आणि म्हणाले की इथून पुढे आपणही साधारण त्याच दिशेने जात आहोत. बसमधली कॉलेजातली दोन मुले तोवर मोबाइलमध्ये डोके घालून बसली होती, ती खिडकीकडे वळली.

आगाखान पॅलेसला आम्ही दहाच्या सुमारास पोचलो. नगर रस्त्यावरची वर्दळ, मॉल आणि उंच इमारती यांच्यामधून फाटकाच्या आत शिरल्यावर एकदम मोठे हिरवे आवार लागते, आणि समोर कमानींच्या ओळीच ओळी असलेली ती पांढरी इमारत दिसते. मावशी फाटकापाशीच थांबली आणि म्हणाली, "तुरुंग म्हणून हे कुणाला खरं वाटेल?" मार्गदर्शकांनी तोच धागा पकडला. ही इमारत १८९२ मध्ये तिसरे आगाखान सुलतान मोहम्मद शाह यांनी बांधवून घेतली. त्यांचा जन्म १८७७ चा, म्हणजे तेव्हा ते जेमतेम पंधरा वर्षांचे होते. आठव्या वर्षापासून इस्माइली समाजाचे इमामपद त्यांच्याकडे होते. परिसरात दुष्काळ होता आणि भुकेल्या लोकांना काम मिळावे म्हणून हे बांधकाम काढले, असे सांगितले जाते. दुष्काळी कामातून उभा राहिलेला महाल पन्नास वर्षांनी कैदखाना झाला आणि १९६९ मध्ये चौथ्या आगाखानांनी तो गांधीजींच्या स्मरणार्थ देशाला दिला, एवढा आराखडा त्यांनी व्हरांड्याच्या पायऱ्यांवर सगळ्यांना बसवून पाच-सात मिनिटांत मांडला. सनावळ्या मोजक्या, वाक्ये छोटी, आणि प्रत्येकाला ऐकू जाईल अशा बेताने. घशाला ताण न देता सव्वीस माणसांना कसे सांगावे, हे त्यांना चांगले ठाऊक होते.

आतल्या दालनांत छायाचित्रे, पत्रे, चित्रे आणि काही वापरातल्या वस्तू मांडलेल्या आहेत. गांधीजींच्या खोलीत काचेआडून पाहावे लागते. खाली अंथरलेली पांढरी गादी, लिहिण्याचे बुटके मेज, चरखा. उंच छताच्या, भव्य खोलीत एवढेसे सामान पाहून ती खोली आणखीच मोठी वाटते. मार्गदर्शकांनी इथे फार बोलणे टाळले आणि आधीच सांगून ठेवले की दालने तुम्ही आपापल्या गतीने पाहा, मी बाहेर व्हरांड्यात आहे, प्रश्न तिथे विचारा. आमच्यातल्या काहींना हे पटले नाही. एका काकांचे म्हणणे असे की पैसे मार्गदर्शनाचे घेतले आहेत तर प्रत्येक वस्तूपाशी उभे राहून सांगायला हवे. मला मात्र त्यांची पद्धत बरोबर वाटली. छोट्या दालनात सव्वीस जणांचा घोळका एका काचेपुढे उभा राहिला असता तर शेवटच्या दहा जणांना फक्त पुढच्यांचे खांदे दिसले असते.

व्हरांड्यात प्रश्नोत्तरे झाली ती मात्र फार मोलाची होती. मावशीने विचारले, "अहो, बांना इथं औषधपाणी तरी नीट मिळत होतं का?" यावर उडवाउडवीचे उत्तर मिळेल असे मला वाटले होते. त्यांनी नीट बसून सांगितले. सुशीला नय्यर स्वतः डॉक्टर होत्या आणि सोबतच कैदेत होत्या. मुंबईचे नामांकित हृदयरोगतज्ज्ञ डॉ. गिल्डर यांनाही पुढे इथे आणून ठेवले होते. शेवटच्या दिवसांत मुलगा देवदास यांनी पेनिसिलीन मिळवले, तेव्हा ते औषध दुर्मीळ होते, परंतु अखेरच्या घटकेला पत्नीला सुया टोचून त्रास देऊ नये असे गांधीजींचे मत पडले आणि ते दिले गेले नाही. "हे बरोबर की चूक, यावर घराघरांत वाद होतो. तुमच्याही घरी होऊ द्या," असे ते म्हणाले आणि त्यांनी स्वतःचे मत लादले नाही. गांधीजींच्या इथल्या एकवीस दिवसांच्या उपोषणाबद्दलही, जे १० फेब्रुवारी १९४३ ला सुरू होऊन ३ मार्चला संपले, त्यांनी तेवढ्याच तोलून सांगितले.

इमारतीमागून चालत गेले की नदीच्या बाजूला समाध्या आहेत. एक महादेवभाई देसाईंची, एक कस्तुरबांची. महादेवभाई गांधीजींचे सचिव होते आणि जवळजवळ मुलासारखे होते. ९ ऑगस्टला ते गांधीजींबरोबरच पकडले गेले आणि सहाच दिवसांनी, १५ ऑगस्ट १९४२ रोजी, याच वाड्यात हृदयविकाराने गेले. त्यांचा जन्म १ जानेवारी १८९२ चा. म्हणजे हा वाडा आणि तो माणूस एकाच वर्षीचे, हे मार्गदर्शकांनी सांगितले तेव्हा घोळक्यातली कुजबुज थांबली. त्यानंतर गांधीजी रोज त्या जागी फुले वाहायला येत. कस्तुरबा २२ फेब्रुवारी १९४४ रोजी गेल्या. तो महाशिवरात्रीचा दिवस होता. बाहेर सार्वजनिक अंत्ययात्रा काढू देण्यास सरकार तयार नव्हते, म्हणून दहन इथेच, आवारात झाले, आणि गांधीजींनी स्वतः कातलेल्या सुताची साडी त्यांना नेसवली होती. ६ मे १९४४ ला गांधीजी इथून सुटले ते बासष्ट वर्षांच्या सोबतीविना. पुढे गांधीजींच्या अस्थींचा काही अंशही याच ठिकाणी आणून ठेवला गेला.

एवढे सांगून मार्गदर्शकांनी घड्याळ पाहिले आणि म्हणाले की आता वीस मिनिटे मी काहीही बोलणार नाही, कृपा करून तुम्हीही बोलू नका. ती वीस मिनिटे मी या सहलीतला सर्वांत चांगला भाग समजते. एक माळी खराट्याने वाळकी पाने एका बाजूला ओढत होता आणि त्या खराट्याचा एकसारखा खरखर आवाज तेवढा येत होता. मावशी समाधीच्या दगडी कठड्यापाशी उभी राहिली. तिने येताना घरच्या तुळशीची चार पाने रुमालात बांधून आणली होती, हे मला तेव्हा कळले. ती तिने कस्तुरबांच्या समाधीवर ठेवली, नमस्कार केला, आणि रुमालाची घडी घालून परत कमरेला खोचली. आमच्यातल्या कुणी त्या वेळात छायाचित्र काढले नाही. दुसऱ्या एका गटातली काही मंडळी मोठ्याने हाका मारत आली, पण आमचा गट शांत उभा पाहून तीही हळू बोलू लागली.

आवारात खादीचे दुकान आहे, तिथे मी मावशीला एक पंचा घेऊन दिला. एकूण पावणेदोन तास आम्ही इथे होतो आणि तेवढे पुरेसे झाले. ज्येष्ठांसाठी सांगायचे तर व्हरांड्यात चढायला पायऱ्या आहेत, समाध्यांपर्यंत चालावे लागते, पण वाट सपाट आहे आणि मध्ये बसायला जागा मिळते. आमच्यासाठी बस फाटकाच्या अगदी जवळ आणली गेली. चालकाचे हे सौजन्य दिवसभर टिकले.

जेवण कॅम्पच्या बाजूला एका साध्या खाणावळीत होते. मसालेभात, अळूची पातळ भाजी, बटाट्याची भाजी, काकडीची कोशिंबीर, गरम पोळ्या आणि शेवटी वाटीभर श्रीखंड. पोळ्या तव्यावरून थेट ताटात येत होत्या आणि वाढणारे आग्रह करत होते. पावणेदोनला आम्ही जेवून उठलो.

इथून पुढे सहल बिघडली. कार्यक्रमपत्रिकेत दुपारी दोन ते चार एम्प्रेस गार्डन असे स्पष्ट छापलेले होते. बस मात्र एका मोठ्या साड्यांच्या दुकानासमोर उभी राहिली. सांगण्यात आले की स्वच्छतागृहासाठी थोडेसे थांबतो आहोत. स्वच्छतागृह दुकानाच्या दुसऱ्या मजल्यावर होते, जिन्यापर्यंत जायला साड्यांच्या गाद्यांमधूनच जावे लागत होते, आणि आम्ही आत शिरताच विक्रेत्यांनी पैठण्या उलगडायला सुरुवात केली. शेजारीच चिवडा, भाकरवडी आणि चिक्कीचे दुकान होते, तिथेही नेण्यात आले. पंचावन्न मिनिटे गेली. कुणाला खरेदी करायची असेल तर त्यात काही गैर नाही, पुण्याहून भाकरवडी आणल्याशिवाय घरी परतायचे नाही ही आपल्याकडची जुनी रीत आहे, आणि त्यासाठी परतीच्या वाटेवर पंधरा मिनिटे ठेवता आली असती. परंतु जी वेळ पैसे घेऊन बागेसाठी कबूल केली होती तीच वेळ न विचारता दुकानाला द्यायची, याला मी फसवणूकच म्हणेन. मार्गदर्शक स्वतः दुकानात आले नाहीत. ते बसच्या सावलीत उभे होते आणि मी विचारल्यावर त्यांनी एवढेच सांगितले की थांबे कार्यालय ठरवते. त्यांच्या चेहऱ्यावरून हे त्यांनाही रुचलेले नव्हते, असे मला स्पष्ट वाटले.

त्यातून निघून रविवारच्या गर्दीतून वाट काढत एम्प्रेस गार्डनला पोचेपर्यंत सव्वातीन झाले आणि चारला निघायचे असे बजावण्यात आले. पुढे शनिवारवाडा होता. एकोणचाळीस एकरांच्या बागेसाठी पंचेचाळीस मिनिटे.

ही बाग काय आहे हे ज्यांनी पाहिलेले नाही त्यांच्यासाठी थोडे सांगते. रेसकोर्सजवळची ही जुनी बाग आहे, व्हिक्टोरिया राणीच्या 'एम्प्रेस' या बिरुदावरून तिला नाव पडले, आणि ॲग्री-हॉर्टिकल्चरल सोसायटी ऑफ वेस्टर्न इंडिया ही संस्था तिची देखभाल करते. भायखळ्याची आपली राणीची बाग १८६२ मध्ये लोकांसाठी खुली झाली तीही याच नावाच्या संस्थेच्या खटपटीतून. त्यामुळे मुंबईकराला या बागेत शिरताच काही तरी ओळखीचे वाटते. तीच उंचच उंच झाडे, तीच गार, किंचित ओलसर सावली, आणि मधून वाहणारा पाण्याचा पाट. जानेवारीत प्रजासत्ताक दिनाच्या सुमारास इथे पुष्पप्रदर्शन भरते तेव्हा अलोट गर्दी होते. आम्ही गेलो तेव्हा ते उरकले होते आणि बागेला तिचा निवांतपणा परत मिळाला होता.

इथे सहलीची दुसरी उणीव जाणवली. इतिहास इतका सुरेख सांगणाऱ्या आमच्या मार्गदर्शकांना झाडांची माहिती नव्हती. त्यांनी ते प्रामाणिकपणे कबूल केले आणि बागेची स्थापना एवढेच सांगून थांबले. हा त्यांचा दोष मी मानत नाही. ज्या सहलीच्या कार्यक्रमपत्रिकेतच बाग आहे तिच्यात झाडे ओळखणारा एखादा माणूस बागेपुरता तरी सोबत हवा, हे कंपनीने पाहायला हवे होते. राणीच्या बागेत झाडे समजावून सांगणारे फेरफटके होतात, त्यांना मी दोनदा गेले आहे, आणि सांगणारा असेल तर एका झाडाखाली वीस मिनिटे कशी जातात हे मला माहीत आहे.

आमच्या गटाला त्या दिवशी सांगणारे माणूस अनपेक्षितपणे मिळाले. वाटेत एका ठिकाणी मनगटाहून, काही ठिकाणी मांडीहूनही जाड असा एक वेल पिळवटलेल्या दोरासारखा जमिनीवरून उठून झाडांमध्ये चढत गेलेला आहे. त्याचे खोड कुठे सुरू होते आणि कुठे संपते ते एका नजरेत कळत नाही. तो एका झाडावरून दुसऱ्यावर जातो, मध्येच खाली झुकतो आणि पुन्हा वर जातो. मुले त्याला झुला समजून लोंबकळू पाहत होती. मावशी त्याच्याजवळ गेली, सालीवरून हात फिरवला आणि म्हणाली, "अगं, ही गारंबी." तिचे बालपण दापोलीकडे गेले. लहानपणी ओढ्याकाठी अशी गारंबी होती, तिच्या शेंगा हातभर लांब, कधी त्याहूनही लांब असायच्या, तलवारीसारख्या किंचित वाकलेल्या, आणि प्रत्येक कप्प्यात एक चपटी, तपकिरी, गुळगुळीत बी, जी जवळजवळ तळहात भरून टाकायची. पावसाळ्यात त्या बिया ओढ्यातून वाहत खाली यायच्या आणि मुले त्या गोळा करून खेळायची. तिने मुलांना सांगितले की वेलाला लोंबकळू नका, त्याचे वय तुमच्या आजोबांपेक्षा जास्त असेल, आणि आश्चर्य म्हणजे मुले थांबली. हळूहळू सात-आठ जण भोवती जमले. कॉलेजातल्या मुलीने विचारले की ही बी समुद्रातून वाहत जाते का, आणि मावशी म्हणाली की हो, आमच्याकडे ती किनाऱ्यावरही सापडायची. मार्गदर्शकही येऊन उभे राहिले आणि त्यांनी वहीत काही टिपून घेतले.

नेमके तेव्हाच बसचा भोंगा वाजला. चारला पाच मिनिटे होती. पाटापलीकडचा बागेचा सगळा भाग आम्ही पाहिलाच नाही, आणि मावशीला आणखी दहा मिनिटे तिथल्या बाकावर बसायचे होते तेही राहिले. दुकानात गेलेली ती पंचावन्न मिनिटे मला त्या क्षणी सर्वांत जास्त सलली.

शनिवारवाडा पस्तीस मिनिटांत झाला. त्यातही मार्गदर्शकांनी जे निवडले ते चांगले निवडले. १० जानेवारी १७३० रोजी, शनिवारी, पायाभरणी, २२ जानेवारी १७३२ रोजी, पुन्हा शनिवारीच, वास्तुशांत, आणि खर्च १६,११० रुपये. हत्तींनी धडक देऊ नये म्हणून दिल्ली दरवाजाला बसवलेले अणकुचीदार खिळे त्यांनी जवळ नेऊन दाखवले. १८२८ च्या आगीत आतले सात मजली वैभव जळाले आणि आता तिथे जोती, हिरवळ व फुलांचे वाफे उरले आहेत. म्हणजे कार्यक्रमपत्रिकेतल्या या वाड्याचीही बागच झाली आहे. सोळा पाकळ्यांच्या कमळासारखे हजारी कारंजे कोरडे होते. त्यापाशी एकाने अमावास्येच्या भुताची गोष्ट विचारली. मार्गदर्शकांनी ती सांगायला नकार दिला आणि म्हणाले की ३० ऑगस्ट १७७३ ला याच वाड्यात अठरा वर्षांच्या नारायणरावांचा खून झाला, ही खरी घटना पुरेशी भयंकर आहे. 'ध'चा 'मा' केल्याची कथाही त्यांनी आख्यायिका म्हणूनच सांगितली आणि रामशास्त्री प्रभुण्यांनी रघुनाथरावांना दोषी ठरवले, या भागावर अधिक भर दिला. इथे उन्हाचा चटका आणि असमान दगडी पायऱ्या आहेत, त्यामुळे मावशी दिल्ली दरवाजाच्या आत सावलीत बसून राहिली. तिला वर तटावर जाण्याचा आग्रह कुणी केला नाही, हे बरे झाले.

परतीला चहा मिळाला, घाटात वाहतूक खोळंबली, आणि शिवाजी पार्कला आम्ही सव्वादहाला उतरलो. साडेसोळा तासांच्या दिवसात प्रत्यक्ष तिन्ही ठिकाणी मिळून आम्ही तीन तासांच्या आसपास होतो आणि दुकानांत जवळपास एक तास. ज्यांना ही सहल घ्यायची आहे त्यांनी हा हिशोब आधी डोळ्यांपुढे ठेवावा.

दोन दिवसांनी मी कंपनीला सविस्तर पत्र लिहिले. मार्गदर्शकांचे कौतुक, बस व जेवणाची पसंती, आणि दुकानाबद्दलची तक्रार, तिन्ही गोष्टी त्यात होत्या. उत्तर आठवड्याभरात आले. मार्गदर्शकांपर्यंत कौतुक पोचवले आहे, आणि यापुढे खरेदीचा थांबा कार्यक्रमपत्रिकेत छापू, असे त्यांनी कळवले. छापण्याने तो थांबा उघड होईल, पण बागेचा गेलेला वेळ परत मिळणार नाही, म्हणून मी त्यांना पुन्हा लिहिले की तो थांबा ऐच्छिक ठेवा, परतीच्या वाटेवर ठेवा, शनिवारवाडा वगळलात तरी चालेल, पण एम्प्रेस गार्डनला पूर्ण दोन तास द्या आणि तिथे झाडांची माहिती असलेले कुणी तरी बोलवा. याचे उत्तर अद्याप आलेले नाही.

माझे मत विचाराल तर केवळ शिवाजी पार्कचा कट्टा, चिंचवड आणि आगाखान पॅलेस यांसाठी ही सहल घेण्यासारखी आहे, विशेषतः घरात शाळा-कॉलेजातली मुले असतील तर त्यांना घेऊन. नोंदणी करताना कोणते मार्गदर्शक येणार आहेत ते जरूर विचारा, खरेदीचा थांबा आहे का आणि तो नाकारता येतो का ते लेखी घ्या, पुढची आसने मागून घ्या, पाण्याची बाटली व टोपी न्या, आणि ज्येष्ठांसाठी घडीची छोटी काठी बरोबर असू द्या. बाग मनासारखी पाहायची असेल त्यांनी मात्र या सहलीवर विसंबू नये. मी आणि मावशी जूनच्या आधी इंद्रायणी एक्स्प्रेसने जाऊन स्टेशनवरून थेट एम्प्रेस गार्डनला रिक्षा करणार आहोत, आणि संध्याकाळपर्यंत तिथेच बसणार आहोत. डबा घरून न्यायचा, हे मावशीने आत्ताच सांगून ठेवले आहे.